वीस वर्षांचे कर्ज की तीस वर्षांचे? गृहकर्जाच्या खऱ्या किमतीचा हिशेब

गृहकर्जाचे दोन प्रस्ताव समोर आले की नजर आधी हप्त्यावर जाते. ते स्वाभाविकच आहे, दर महिन्याला खिशातून जाणार तो हप्ताच. पण हप्ता कमी दिसावा म्हणून ज्या युक्त्या केल्या जातात, म्हणजे मुदत लांबवणे, फी मुद्दलात मिळवणे, पहिली काही वर्षे कमी दर लावणे, त्यांतल्या बहुतेकींनी कर्ज शेवटी महागच पडते. माझे मत आधीच सांगते. कर्जाची किंमत एकाच गोष्टीवर ठरते : किती मुद्दल किती काळ तुमच्या डोक्यावर राहते. व्याजदर महत्त्वाचा आहेच, पण तो या काळावर लागतो. म्हणून खालच्या प्रत्येक तुलनेत मी हाच प्रश्न विचारला आहे.

सगळे आकडे १ लाखाच्या कर्जामागे काढले आहेत. तुमचे कर्ज जितक्या लाखांचे, तितक्याने गुणा. वेगळे सांगितले नसेल तिथे वार्षिक व्याजदर ८.५ टक्के आणि व्याज दरमहा उरलेल्या मुद्दलावर, असे धरले आहे. तुमचा दर वेगळा असला तर आकडे बदलतील, पण निष्कर्षांची दिशा तीच राहील.

मुदत : सगळ्यात मोठा फरक इथेच पडतो

| मुदत | दरमहा हप्ता | एकूण व्याज | ५ वर्षांनी उरलेले मुद्दल |
|---|---|---|---|
| १० वर्षे | १,२४० | ४८,८०० | ६०,४०० |
| १५ वर्षे | ९८५ | ७७,३०० | ७९,४०० |
| २० वर्षे | ८६८ | १,०८,३०० | ८८,१०० |
| २५ वर्षे | ८०५ | १,४१,६०० | ९२,८०० |
| ३० वर्षे | ७६९ | १,७६,८०० | ९५,५०० |

दुसरा आणि तिसरा रकाना शेजारी ठेवून वाचा. मुदत १० वरून १५ वर्षे केली तर हप्ता २५५ ने उतरतो आणि व्याज २८,५०० ने वाढते. हप्त्यात मोठा दिलासा मिळतो, त्यामुळे हा सौदा समजण्यासारखा आहे. आता २५ वरून ३० वर बघा. हप्ता फक्त ३६ ने उतरतो आणि व्याज ३५,२०० ने वाढते. मुदत जसजशी लांबते तसतसा दिलासा आटत जातो आणि त्याची किंमत मात्र चढत जाते. घर हातचे जाऊ नये म्हणून घेतलेली शेवटची पाच वर्षे ही सगळ्यात महाग पाच वर्षे असतात.

याचे कारण पहिल्याच हप्त्यात दिसते. मुदत कितीही असो, पहिल्या महिन्याचे व्याज ७०८ च. १५ वर्षांच्या हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलात २७६ जमा होतात, २० वर्षांच्या हप्त्यातून १६०, आणि ३० वर्षांच्या हप्त्यातून जेमतेम ६१. मुद्दल हललेच नाही तर पुढच्या महिन्याचे व्याजही हलत नाही. म्हणूनच २० वर्षांच्या कर्जात पाच वर्षांत ५२,००० भरूनही मुद्दल १२,००० सुद्धा कमी होत नाही, आणि अर्धे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. ३० वर्षांच्या कर्जात हा अर्धा टप्पा यायला साडेबावीस वर्षांहून जास्त काळ जातो. सात-आठ वर्षांत घर विकून दुसरीकडे जायचा विचार असेल तर शेवटचा रकाना फार गांभीर्याने बघा. विक्रीच्या वेळी हातात किती उरणार, ते त्यावरच ठरते.

लांब मुदतीच्या बाजूने जे खरे आहे तेही

एकूण व्याजाची बेरीज दाखवून लोकांना घाबरवणे सोपे आहे, पण त्या बेरजेत एक खोट आहे. आजचे ८६८ आणि वीस वर्षांनंतरचे ८६८ सारखे नसतात. महागाई वर्षाला ६ टक्के राहिली तर वीस वर्षांनंतरच्या त्या हप्त्याची आजच्या भावातली किंमत साधारण २७० भरते. उत्पन्न महागाईबरोबर वाढत गेले तर जुना हप्ता दरवर्षी हलका वाटू लागतो, हा अनुभवही खोटा नाही.

म्हणून ‘लांब मुदत घ्या आणि वाचलेले पैसे गुंतवा’ हा सल्ला हिशेब करूनच तपासायला हवा. २० ऐवजी ३० वर्षे घेतली तर दरमहा ९९ वाचतात. वीस वर्षांनंतर २० वर्षांची मुदत घेणाऱ्याचे कर्ज संपलेले असते, तर ३० वर्षांची घेणाऱ्याच्या डोक्यावर अजून ६२,००० असतात. त्याने ते ९९ न चुकता दरमहा गुंतवले आणि त्यांवर बरोबर ८.५ टक्के मिळाले, तर साठलेली रक्कमही ६२,००० होते आणि दोघे बरोबरीत येतात. म्हणजे सीमारेषा अगदी स्पष्ट आहे : कर वजा जाता तुमचा परतावा कर्जाच्या दरापेक्षा जास्त हवा. ६ टक्केच मिळाले तर ४५,७०० साठतात आणि १६,३०० कमी पडतात. ठेवीसारख्या सुरक्षित जागी कर्जाच्या दराहून जास्त परतावा सहसा मिळत नाही. तो मिळवायचा तर जोखीम घ्यावी लागते, आणि ती वीस वर्षे एकही महिना न चुकवता पेलावी लागते. ज्यांना हे जमते त्यांच्यासाठी लांब मुदत चुकीची नाही. नुसता हप्ता परवडतो म्हणून ती घेणाऱ्यांचे ते ९९ कुठे जातात, ते मात्र महिन्याच्या शेवटी कुणालाच सांगता येत नाही.

लांब मुदतीचा एक फायदा मला निर्विवाद वाटतो. उत्पन्न अनियमित असेल, घरात एकच कमावती व्यक्ती असेल, तर कमी बंधनकारक हप्ता हे संरक्षण असते. अशा वेळी मुदत लांब घ्या आणि स्वतःहून जास्त भरत जा, पण त्याआधी जादा भरण्यावर दंड नाही याची लेखी खात्री करा.

फिक्स्ड की फ्लोटिंग

फिक्स्ड, म्हणजे न बदलणारा, दर सुरुवातीला बहुधा थोडा जास्त असतो, आणि ‘फिक्स्ड’ म्हणवणारी बरीच कर्जे प्रत्यक्षात पहिली काही वर्षेच फिक्स्ड असतात. करारात दर पुन्हा ठरवण्याचे कलम आहे का, ते शोधा. फिक्स्डमध्ये मुदतीआधी कर्ज फेडले तर दंड लागण्याची शक्यताही जास्त असते.

फ्लोटिंगची, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या दराची, खरी गोम वेगळीच आहे. दर वाढला की बऱ्याचदा हप्ता तसाच ठेवून मुदत आपोआप वाढवली जाते. कर्जदाराला काहीच जाणवत नाही, कारण खात्यातून तेवढीच रक्कम जात असते. २० वर्षांच्या कर्जात सुरुवातीलाच दर ८.५ वरून ९.५ टक्के झाला असे धरा.

हप्ता वाढवून घेतलात, तर तो ८६८ चा ९३२ होतो, मुदत २० वर्षेच राहते आणि एकूण जादा बोजा सुमारे १५,४०० पडतो.

हप्ता ८६८ च ठेवलात, तर कर्ज २४० ऐवजी ३०९ महिने चालते आणि जादा बोजा सुमारे ५९,५०० पडतो.

दरवाढ एकच, फरक जवळजवळ चौपट. आणि दर १०.५ टक्क्यांवर गेला तर पहिल्या महिन्याचे व्याजच ८७५ होते, म्हणजे ८६८ च्या हप्त्यात व्याजही भागत नाही आणि हप्ते भरत असतानाच मुद्दल वाढायला लागते. म्हणून फ्लोटिंग घेणाऱ्याने दर बदलल्याचा निरोप आला की नवी मुदत किती झाली ते त्याच दिवशी विचारावे. दर दोन टक्क्यांनी वाढला तरी जादा हप्ता पेलता येईल अशी सोय असेल तर फ्लोटिंग घ्या. तेवढी सोय नसेल तर फिक्स्डसाठी मोजलेला थोडा जास्त दर मला योग्यच वाटतो.

जादा पैसे आले तर : मुदत कमी करावी की हप्ता?

समजा, २० वर्षांच्या कर्जात दोन वर्षांनी तुम्ही ५,००० एकरकमी भरलेत. तेव्हा मुद्दल ९५,८०० असते, ते ९०,८०० वर येते. आता दोन पर्याय आहेत. हप्ता कमी करून घेतला तर तो ४५ ने उतरतो आणि उरलेल्या अठरा वर्षांत निव्वळ ४,८०० वाचतात. हप्ता तोच ठेवून मुदत कमी केली तर कर्ज दोन वर्षे आधी संपते आणि निव्वळ १६,१०० वाचतात. भरलेली रक्कम तीच, फक्त अर्जावरची खूण वेगळी. घरखर्चाची ओढाताण होत नसेल तर इथे दुसरा विचार करायचे कारण नाही : मुदत कमी करा.

एकरकमी पैसे येत नसतील तरी हरकत नाही. पहिल्या महिन्यापासून हप्ता बाराव्या हिश्शाने वाढवला, म्हणजे ८६८ ऐवजी ९४० भरले, तर २० वर्षांचे कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत संपते आणि व्याजाचे २१,८०० वाचतात. पण हे जितके लवकर कराल तितके बरे. पंधराव्या वर्षी भरलेल्या जादा रकमेला व्याज वाचवायला वेळच उरलेला नसतो.

कमी दर आणि जास्त फी, की थोडा जास्त दर आणि फी नाही

एक प्रस्ताव ८.५ टक्क्यांचा, फी नाही. दुसरा ८.२५ टक्क्यांचा, पण २ टक्के प्रोसेसिंग फी. दुसऱ्याचा हप्ता ८५२ येतो, म्हणजे दरमहा जवळपास १६ वाचतात, पण सुरुवातीलाच २,००० गेलेले असतात. नुसता हप्त्यातला फरक मोजला तर फी वसूल व्हायला १२७ महिने लागतात. कमी दरामुळे मुद्दल जरा जास्त फिटते, तेही जमेस धरले तर साधारण आठ वर्षे. त्याआधी घर विकणार असाल किंवा कर्ज फेडून टाकणार असाल, तर कमी दराचा प्रस्तावच महाग आहे.

फी किंवा विम्याचा एकरकमी हप्ता मुद्दलात मिळवून देण्याची ‘सोय’ शक्यतो नाकारा. ३,००० चा विमा २० वर्षांच्या कर्जात मिळवला की तो ६,२०० हून जास्त पडतो. विमा हवाच असेल तर वेगळा घ्या आणि वेगळे पैसे भरा.

‘फ्लॅट’ दराबद्दल थोडक्यात : त्यात व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवर लागते, मुद्दल फिटत गेले तरीही. २० वर्षांसाठी ५ टक्के फ्लॅट म्हणजे घटत्या मुद्दलावर जवळपास ८ टक्के. दोन्ही दर एकाच पद्धतीत आणल्याशिवाय त्यांची तुलनाच होऊ शकत नाही.

कर्ज दुसरीकडे नेताना

सगळ्यात जास्त नुकसान मला इथे दिसते, कारण इथे दर खरोखरच कमी होत असतो आणि माणूस निर्धास्त होतो. २० वर्षांच्या कर्जाची ५ वर्षे झाली आहेत, ८८,१०० उरले आहेत, आणि दुसरीकडे ८ टक्के दर मिळतो आहे. नवे कर्ज पुन्हा २० वर्षांचे केले तर हप्ता ८६८ वरून ७३७ वर येतो. कागदावर हे फार आकर्षक दिसते. प्रत्यक्षात जुन्या कर्जात पुढे ६८,१०० व्याज जाणार होते, नव्यात ८८,८०० जाते. अर्धा टक्का कमी दर मिळूनही २०,७०० जास्त, कारण घड्याळ पुन्हा शून्यावर गेले.

त्याच ८ टक्क्यांवर उरलेली १५ वर्षेच ठेवली तर हप्ता ८४२ होतो आणि ४,६०० वाचतात. आणि सवयीचा ८६८ चाच हप्ता चालू ठेवला तर उरलेले कर्ज १८० ऐवजी १७० महिन्यांत फिटते आणि ८,६०० वाचतात. कर्ज हलवण्याचा जो काही खर्च येईल, म्हणजे नवी फी, कागदपत्रांचा खर्च, जुन्या ठिकाणचा दंड, तो या ८,६०० मधून वजा करा. वजाबाकीनंतर हाती काही ठळक उरत असेल तरच कर्ज हलवा, आणि अर्जावर मुदतीच्या रकान्यात २० हा आकडा आधीच छापलेला असेल तर तो खोडून स्वतःचा लिहा.