‘आबिद’ : माणसालाच चित्रात ओढून घेणारा लघुपट

प्रमोद पती यांनी फिल्म्स डिव्हिजन या सरकारी चित्रपटसंस्थेसाठी १९७२ साली केलेला ‘आबिद’ हा लघुपट जेमतेम पाच मिनिटांचा आहे. तो मी लागोपाठ चार वेळा पाहिला आणि चौथ्या वेळीही त्यातले काही ना काही नजरेतून निसटलेच.

चित्रकार आणि व्यंगचित्रकार आबिद सुरती यात स्वतः वावरतात, पण हे वावरणे नेहमीच्या छायाचित्रणाने टिपलेले नाही. कॅमेऱ्याने एक चौकट (फ्रेम) घ्यायची, मग माणसाने किंचित सरकायचे, वस्तू हलवायची, रंगाचा आणखी एक हात द्यायचा आणि पुढची चौकट घ्यायची, अशा या पद्धतीला पिक्सिलेशन म्हणतात. पडद्यावरच्या एका सेकंदाला २४ चौकटी लागतात हे ध्यानात घेतले, म्हणजे या पाच मिनिटांमागची चिकाटी कळते. चालतीबोलती व्यक्ती ॲनिमेशनमधल्या आकृतीसारखी झटके घेत हलू लागते, खोलीवर रंग पसरत जातो, आणि चित्र माणसाभोवती आहे की माणूसच चित्रात शिरला आहे, हे ठरवणे अवघड होऊन बसते. पती यांनी चेकोस्लोव्हाकियात बाहुलीपटकार यिरी त्रन्का यांच्याकडे बाहुलीपटाचे धडे घेतले होते. इथे बाहुलीच्या जागी हाडामांसाचा चित्रकार आहे, आणि मला हीच या लघुपटाची सर्वांत सुंदर कल्पना वाटते.

पती यांचाच १९६८ चा कृष्णधवल ‘एक्सप्लोरर’ याहून धाडसी आहे. नाचणारी तरुण मुले, धार्मिक चिन्हे आणि प्रयोगशाळेतली दृश्ये त्यात अतिशय वेगाने एकमेकांवर आदळतात, आणि विजय राघव राव यांच्या ध्वनिरचनेमुळे तो आघात दुणावतो. तरीही अशा कथेविना चालणाऱ्या अमूर्त चित्रपटाशी पहिलीच ओळख होत असेल, तर आधी ‘आबिद’च पाहावा, कारण त्यात नजरेला धरून राहण्यासाठी एक माणूस आहे. लुकलुकत्या प्रकाशाचा त्रास होणाऱ्यांनी ‘एक्सप्लोरर’ टाळलेला बरा.

त्या काळी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट दाखवणे सक्तीचे होते, त्यामुळे असले प्रयोग सरकारी पैशातून घडत होते याचे मला फार अप्रूप वाटते. मी पाहिलेल्या ‘आबिद’च्या प्रतीत मात्र रंग बरेच विटलेले होते, आणि ज्या लघुपटाचा सारा जीव रंगात आहे, त्याच्या बाबतीत ही उणीव मोठी आहे. भ्रमणध्वनीच्या पडद्यावर तो पाहून भागवू नये. अंधाऱ्या खोलीत, मिळेल तेवढ्या मोठ्या पडद्यावर पाहावा.