काल्पनिक शाळा: मिरज की मेणवली?

संगीत, वास्तुकला आणि स्वप्ने शिकवणारी शाळा काढायचीच झाली, तर ती सांगली जिल्ह्यातील मिरजेत असावी की साताऱ्याच्या मेणवलीत? मिरजेत वाळवलेल्या भोपळ्यापासून तंबोरा घडतो. कारागीर घोडीचा, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीचा, माथा घासून जवारी, म्हणजे तारेचा गुंजणारा नाद, काढतो, तारेखाली सुताचा धागा सरकवून स्वर खुलवतो, आणि नाद व रचना यांचा धडा एकाच ठिकाणी मिळतो. मेणवलीत नाना फडणवीसांचा वाडा, कृष्णेचा घाट आणि १७३९ च्या वसई विजयातील घंटा आहे; वास्तुकलेला याहून चांगला वर्ग मिळणार नाही, पण गाणे बाहेरून आणावे लागेल. स्वप्नांच्या तासाला अर्थातच मेणवलीचा निवांतपणा सोयीचा, कारण मिरज जंक्शनच्या भोंग्यांत डोळा लागणे कठीण. तरीही माझे मत मिरजेला आहे. वाडा सहलीतही अभ्यासता येतो, जवारीसाठी कान मात्र रोज तयार करावा लागतो. स्वप्नांचा वर्ग तेवढा उन्हाळ्यात मेणवलीला हलवावा.