वीस वर्षांचं गृहकर्ज: पावणेदोन वर्षं वापरल्यावरचा अनुभव

स्कूटी किंवा वॉशिंग मशीन घेतलं की लोक सहा महिन्यांनी अनुभव लिहितात. गृहकर्जाबद्दल मात्र जे काही वाचायला मिळतं ते कर्ज मिळेपर्यंतचं: कुठली बँक, किती टक्के, कागदपत्रं कोणती. चेक निघाला, वास्तुशांत झाली की विषय बंद. पुढं हे प्रकरण वापरायला कसं आहे, ते इथं लिहिते.

आमचं कर्ज असं: लातूर, औसा रोडच्या बाजूला तयार रो-हाऊस, किंमत ३३ लाख. २०२४ च्या उन्हाळ्यात एका सरकारी बँकेकडून २५ लाख, फ्लोटिंग (म्हणजे मधेच बदलू शकणारा) दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं, हप्ता २१,६९६ रुपये. मी अनुदानित शाळेत शिक्षिका, नवरा सहकर्जदार, घर माझ्या एकटीच्या नावावर. सासरी औसा तालुक्यात कोरडवाहू शेती, सोयाबीन आणि तूर. शेतीचं का सांगतेय ते पुढं कळेल.

मत आधीच सांगून टाकते. कर्ज घेतलं ते बरं झालं, पण त्याची खरी किंमत हप्त्यात दिसत नाही आणि व्याजदरात अर्धीच दिसते. ती असते ‘उरलेले हप्ते’ या एका आकड्यात, आणि त्या आकड्याकडं कुणी बघत नाही. घर बघायला आलेल्या पाहुण्यांनी हप्ता किती हे विचारलं, टक्का किती हे विचारलं. किती हप्ते राहिले हे आजवर एकानंही विचारलेलं नाही.

२१,६९६ ला २४० नं गुणा. ५२ लाख ७ हजार होतात. म्हणजे २५ लाखांवर २७ लाखांहून जास्त व्याज. हा आकडा सासऱ्यांना, म्हणजे आण्णांना सांगितला तेव्हा ते म्हणाले, “पंचवीसचे बावन्न? मग सावकार काय वाईट होता?” आता गावात सावकार शेकडा तीन घेतो तो महिन्याचा, वर्षाचे झाले छत्तीस टक्के, त्यामुळं तुलना काही खरी नाही. पण आण्णांचा धक्का खोटा नव्हता. त्यांना पीककर्ज माहीत आहे. ते एका वर्षाचं असतं आणि तीन लाखांपर्यंत वेळेवर भरलं तर आपल्या राज्यात शेतकऱ्याला व्याज शून्य पडतं. वीस वर्षं चालणारं कर्ज त्यांच्या हिशेबात बसतच नाही.

मला स्वतःला बावन्न लाखांपेक्षा दुसरी गोष्ट जास्त लागली. पहिल्या हप्त्यातले १७,७०८ रुपये व्याजात गेले आणि मुद्दलात जेमतेम ३,९८८. दर तोच धरून पुढचं कोष्टक मांडलं तर पहिल्या पाच वर्षांत आपण १३ लाख भरतो आणि मुद्दल तीन लाखांनीही कमी होत नाही. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. अर्धं कर्ज फिटायला पावणेचौदा. यात बँकेची काही लबाडी नाही. दर महिन्याला शिल्लक रकमेवर व्याज लागतं, सुरुवातीला शिल्लक मोठी म्हणून व्याज मोठं, एवढंच. पण म्हणूनच या कर्जात जे काही करायचं ते पहिल्या चार-पाच वर्षांतच करायचं असतं.

घर घेतानाच्या खर्चावर फार लिहीत नाही, त्याची चर्चा सगळीकडं असते. इतकंच सांगते की मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी हे पैसे बँक घराच्या किमतीत धरत नाही (घर दहा लाखांच्या आतलं असेल तर गोष्ट वेगळी), ते खिशातून जातात. नोंदणी फी एक टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट मिळते. आमचे ३३ हजार त्यात वाचले. नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं तर ही सूट मिळत नाही. नवरा कर्जात असला तरी चालतो, खरेदीखतात नको. घर तयार होतं आणि भोगवटा प्रमाणपत्र हातात होतं म्हणून जीएसटीही लागला नाही. बांधकाम चालू असलेल्या घराला तो ५ टक्के लागतो, ‘परवडणारं घर’ या सरकारी व्याख्येत बसत असेल तर १ टक्का. त्याशिवाय प्रोसेसिंग फी, सर्च रिपोर्ट (घराची मालकी तपासल्याचा अहवाल), मूल्यांकन, गहाणाचं मुद्रांक शुल्क आणि ३० दिवसांच्या आत द्यायची नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे घर गहाण ठेवल्याची नोंदणी कार्यालयाला सूचना. हे एकेक करून आलं, पण आलं.

विम्यावर थोडं थांबते. मंजुरीच्या वेळी समोर एक पॉलिसी ठेवली गेली: एकरकमी हप्ता ७५ हजारांच्या आसपास, “आत्ता काही भरायचं नाही मॅडम, कर्जातच टाकू.” हे ऐकायला गोड वाटतं. कर्जात टाकलेले ७५ हजार म्हणजे ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांत १ लाख ५६ हजार. आयुर्विमा हवाच, एकानं डोळे मिटले तर दुसऱ्यावर घर विकायची पाळी येऊ नये. पण तो साधा टर्म प्लॅन (मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा विमा) म्हणून बाहेरून, दरवर्षी हप्ता भरून घेता येतो. आम्ही तसाच घेतला. बँकेचाच विमा घेतला पाहिजे असा कुठलाही नियम नाही. “लेखी द्या” म्हटलं की तो विषय तिथंच मिटतो.

आता मुख्य अनुभव. आम्ही कर्ज घेतलं तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, ६.५ टक्के होता. २०२५ मध्ये तो फेब्रुवारीत पाव, एप्रिलमध्ये पाव, जूनमध्ये अर्धा आणि डिसेंबरमध्ये पुन्हा पाव टक्का उतरला, ५.२५ वर आला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेली असतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. त्यामुळं आमचा दर ८.५ वरून ७.२५ झाला. मेसेज आला, आनंद झाला. हप्ता बघितला तर तोच, २१,६९६. शाळेतल्या एका सहकाऱ्याचं म्हणणं, “मॅडम, बँकेनं तुम्हाला काही दिलंच नाही.” दिलं होतं, फक्त ते उरलेल्या हप्त्यांत होतं.

हे नीट समजून घ्या, कारण सगळ्यात मोठी रक्कम इथंच आहे. सोपं जावं म्हणून २५ लाख शिल्लक आणि २० वर्षं बाकी धरू. दर ८.५ वरून ७.२५ झाला आणि हप्ता कमी करून घेतला तर तो १९,७५९ होतो. महिन्याला १,९३७ सुटतात, पूर्ण मुदतीत साडेचार लाखांच्या थोडं वर वाचतात. हप्ता आहे तसाच ठेवला तर २४० च्या जागी १९८ हप्ते लागतात आणि नऊ लाखांच्या वर वाचतात. दर तोच, कर्ज तेच, फरक फक्त शाखेत जाऊन केलेल्या एका अर्जाचा. घरात ओढाताण असेल तर हप्ता जरूर कमी करावा, १,९३७ रुपयांत महिन्याचं दूध येतं. पण गरज नसताना “हप्ता उतरवून द्या” म्हणून शाखेत जाणारे लोक मी बघितले आहेत आणि मला ते कळत नाही.

उलट बाजूही आहे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५ वर गेला. २०२१ मध्ये ज्यांनी पावणेसात टक्क्यांनी २५ लाख घेतले त्यांचा हप्ता १९ हजार ९ रुपये. दर अडीच टक्क्यांनी चढून सव्वानऊ झाला की २५ लाखांवरचं नुसतं व्याजच महिन्याला १९,२७० होतं. मधल्या काळात थोडं मुद्दल फिटलेलं धरलं तरी जवळजवळ सगळा हप्ता व्याजातच जातो, मुद्दलाला फारसं काही उरत नाही. त्या काळात किती तरी कर्जांची मुदत लांबली आणि पुष्कळ लोकांना ते मागाहून कळलं. त्यानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. शिवाय दर तिमाहीला आजवर वसूल झालेलं मुद्दल-व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि दर हे सगळं दाखवणारं विवरण द्यायचं. आमच्या बँकेच्या ॲपमध्ये ते विवरण आहे, पण आपण शोधलं तरच सापडतं.

आण्णांना हे समजावताना मला पीककर्जाचंच उदाहरण सापडलं. गावात ‘नवं-जुनं’ करतात: जुनं कर्ज कागदावर फेडायचं, त्याच दिवशी नवं उचलायचं, कर्ज हलत नाही. मुदत वाढवून हप्ता तेवढाच ठेवणं हेही नवं-जुनंच, फक्त सही करायला बोलावत नाहीत. हे त्यांना लगेच पटलं. कर्ज घेतलं त्याच वर्षी सोयाबीनच्या विक्रीची पट्टी हातात आली तशी त्यांनी स्वतःहून विचारलं, “बँकेत किती टाकायचे?”

आपल्याकडच्या शेतीवाल्या घरांना या कर्जात हीच अडचण आहे आणि सोयही हीच. हप्ता महिन्याचा, शेतीचा पैसा मात्र दिवाळीच्या आसपास एकदा. २०२४ ला सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ४,८९२ होता आणि आडतीवर तेवढाही भाव मिळत नव्हता, त्यामुळं फार मोठी रक्कम निघाली असं नाही. तरी जे उरलं त्यातला काही भाग थेट मुद्दलात भरला. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला व्यक्तीकडून दंड घेता येत नाही. आमचाही रुपया कापला गेला नाही.

वेळेचा फरक बघा. ८.५ टक्क्यांच्या आमच्याच कर्जात पहिल्या वर्षाअखेरी एक लाख जादा भरले तर शेवटचे २१ हप्ते गळतात, साडेतीन लाखांच्या वर व्याज वाचतं. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेरी भरले तर जेमतेम सात हप्ते गळतात, वाचतात पन्नास हजार. लाखभर एकदम जमत नसेल तर वर्षाला एक हप्ता जादा हा हिशेबही चांगला आहे: वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं. भरताना मात्र “मुदत कमी करा” असं अर्जावर लिहायचं. आमच्या शाखेत पहिल्यांदा हप्ता कमी करण्याचाच फॉर्म पुढं आला होता.

यात एक धोका आहे आणि तो मराठवाड्यात सांगायलाच हवा. मुद्दलात गेलेला पैसा परत मिळत नाही. पुढच्या वर्षी पाऊस दगा देऊ शकतो, ऐन काढणीत अतिवृष्टी होऊ शकते, बोअर आटू शकतं. २०१६ ला याच लातूर शहराला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं होतं. त्यामुळं आम्ही सहा महिन्यांचे हप्ते मुदतठेवीत बाजूला ठेवले आणि त्याहून जास्त उरेल तेवढंच मुद्दलात टाकतो. आण्णांचा सगळं भरून मोकळं व्हायचा आग्रह होता, तो मी ऐकला नाही. ज्यांचा पैसा असाच हंगामी येतो त्यांनी ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जाची चौकशी करावी. त्यात जादा पैसे खात्यात ठेवता येतात, तेवढ्या रकमेवर व्याज लागत नाही आणि गरज पडली तर काढताही येतात. दर सहसा थोडा जास्त असतो. खात्यात चांगली रक्कम पडून राहणार असेल तरच ते परवडतं.

कर वाचतो म्हणून कर्ज मोठं घ्या, असा सल्ला अजूनही मिळतो. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर दोन लाखांची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत आहे. नव्या प्रणालीत २०२५-२६ पासून १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर करच नाही, पगारदाराला प्रमाणित वजावट धरून पावणेतेरा लाखांपर्यंत. माझ्या पगाराला तसाही कर बसत नाही. मग व्याजानं काय वाचणार? तुमचं उत्पन्न जास्त असेल तर दोन्ही प्रणालींत आकडे टाकून बघा, ऐकीव नको.

आत्ता नव्यानं घेणाऱ्यांना दोन गोष्टी आमच्यापेक्षा बऱ्या आहेत. ऑक्टोबर २०२४ पासून बँकेला मुख्य तथ्य विवरण द्यावं लागतं. त्यात सगळे आकार धरून वार्षिक खर्चाचा एकच टक्का असतो, दोन बँकांची तुलना त्यावर करावी. दुसरी, १ सप्टेंबर २०२४ नंतरच्या कर्जांसाठी प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० मधलं व्याज अनुदान: वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घर ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि देशात कुठंही पक्कं घर नसेल तर पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के, एकूण १ लाख ८० हजारांपर्यंत, पाच वार्षिक हप्त्यांत. आमचं कर्ज त्याआधीचं असल्यानं त्याचा अनुभव माझ्याकडं नाही.

गृहवित्त कंपनीकडून घेणार असाल तर एक विचारून घ्या: दर कशाला बांधलेला आहे? रेपोशी जोडण्याची सक्ती बँकांना आहे, त्या कंपन्यांना नाही. त्यामुळं वर लिहिलेली कपात तिथं आपोआप मिळेलच असं नाही.

सध्या दुसऱ्या एका बँकेचा कर्ज हलवण्यासाठी फोन येतोय, दर पाव टक्का कमी सांगतात. नवी प्रोसेसिंग फी, पुन्हा सर्च रिपोर्ट, पुन्हा गहाणाचं मुद्रांक शुल्क हे सगळं मांडलं तर फायदा आहे, पण थोडाच. आणि नवी बँक मुदत पुन्हा वीस वर्षांची धरतेय. आता जेवढे हप्ते उरलेत तेवढ्याच मुदतीवर लेखी कोटेशन द्या म्हणून मी सांगितलंय. ते अजून आलेलं नाही.