सोलापुरातला बॉक्सिंग क्लास: हॉल साधा, सर पक्के

जुळे सोलापुरातल्या या क्लासच्या भिंतीवर राज्य विजेत्या विद्यार्थिनीचा मोठा फोटो आहे. बरेच पालक तो बघूनच फी भरतात. त्याऐवजी संध्याकाळच्या बॅचला अर्धा तास बाकावर बसावं आणि सरांचे हात बघावेत.

कारण सर पॅड (ठोसे झेलायच्या हातातल्या गाद्या) धरतात ते बघण्यासारखं आहे. अनेक ठिकाणी कोच येणाऱ्या ठोशावर पॅड पुढे आपटतो. आवाज खणखणीत येतो, पोरगं खूश होतं, व्हिडिओही झकास निघतो. पण त्यात ठोसा आधीच अडतो, हात पूर्ण सुटायची सवयच लागत नाही, आणि रिंगमध्ये समोरचा मागे सरकला की हाच मुलगा तोल जाऊन पुढे झुकतो. इथं पॅड हनुवटीच्या उंचीला, खांद्यांच्या आत, जागेवर असतो. ठोसा लागताना फक्त किंचित दाब. जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा) मारून परत येणारा हात छातीपर्यंत घसरला की दुसऱ्या पॅडची टपली लगेच कानाशी येते. 'हात वर ठेव' असं शंभरदा ओरडून होत नाही ते या टपलीने होतं.

सोलापूर जिल्हा कुस्तीचा, त्यामुळे तालमीतली पोरं इथं बरीच येतात. मान, कंबर, मांड्या तयार असतात. पण कुस्तीत डोकं पुढे, पवित्रा खाली आणि हात उघडे. बॉक्सिंगमध्ये तसं उभं राहिलं की सगळ्यात आधी डोकंच ठोशाच्या टप्प्यात येतं, आणि कमरेखाली वाकणं हा तर फाऊल. शिवाय खांदे आवळलेले, म्हणून ठोसा बसत नाही, नुसता ढकलला जातो. सर अशांना पहिले सहा आठवडे ठोसे मारायच्या बॅगेला हात लावू देत नाहीत. आरसा, जमिनीवर चुन्याची रेघ, पुढे जाताना पुढचा पाय आधी आणि मागचा तेवढाच मागून. पाय एका रेषेत आले की पुन्हा पहिल्यापासून. वस्तादाच्या हाताखाली घाम गाळलेली पोरंही इथं कंटाळून गळतात. तरी सर मुदत कमी करत नाहीत, आणि ते अगदी बरोबर आहे.

स्पॅरिंग, म्हणजे दोघांची सरावाची लढत, तीन महिन्यांनंतर: 14 किंवा 16 औंसचे ग्लोव्ह, हेडगार्ड, माउथगार्ड, एका वेळी एकच जोडी आणि सर स्वतः रिंगमध्ये. डोक्याला मार बसून लढत थांबली तर किमान 30 दिवस स्पॅरिंग बंद, मग स्पर्धा आठवड्यावर आलेली असो. या एका गोष्टीसाठी क्लासला पूर्ण गुण.

चॅम्पियन घडवणाऱ्यांच्या कारकिर्दी बघितल्या की ही सबुरी कुठून येते ते कळतं. अमेरिकन प्रशिक्षक कस डी'अमाटोंनी माइक टायसनला किशोरवयापासून घडवलं; 22 नोव्हेंबर 1986 ला विसाव्या वर्षी तो हेवीवेट विश्वविजेता झाला, तेव्हा डी'अमाटो जाऊन वर्ष उलटलं होतं. हरियाणातल्या भिवानीचे प्रशिक्षक जगदीश सिंग यांना 2007 चा द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला, आणि त्यांच्या विजेंदरने भारताचं बॉक्सिंगमधलं पहिलं ऑलिंपिक पदक 2008 साली बीजिंगमध्ये आणलं. जो फ्रेझरचे प्रशिक्षक एडी फच यांचं उदाहरण तर प्रत्येक पालकाला माहीत हवं. 1 ऑक्टोबर 1975, मनिला: मुहम्मद अलीविरुद्ध 14 फेऱ्या झाल्या होत्या, फ्रेझरचे डोळे सुजून जवळपास मिटले होते. एकच फेरी उरली होती आणि फ्रेझर लढायला तयार होता. फच यांनी लढत तिथंच थांबवली. म्हणून प्रवेश घेताना पदकं किती हे विचारण्याआधी 'सर, लढत कधी थांबवता?' हे विचारा. इथल्या सरांकडे त्याचं सरळ उत्तर आहे.

आता उणिवा. बॅगा चिंध्यांच्या आहेत. वापरून वापरून चिंध्या तळाला बसतात, खालचा भाग दगडासारखा होतो आणि वरचा पोकळ; पोटात मारायचा ठोसा खाली मारताना मनगट मुरगळतं. महिन्यातून एकदा बॅग उतरवून, चिंध्या मोकळ्या करून थर देत पुन्हा भरायला हवी. यंत्रमागांच्या गावात चिंध्यांना काय तोटा? इथं नुसती हयगय आहे.

दुसरं, छत पत्र्याचं. एप्रिल-मेमध्ये पारा 42 अंशांच्या वर जातो आणि संध्याकाळी सहालाही पत्रा तापलेला असतो, म्हणून उन्हाळ्यात सकाळचीच बॅच घ्या. वजनकाटा स्पर्धेपुरताच बाहेर निघतो. तो रोज सरावाआधी आणि नंतर वापरला पाहिजे. एक किलो घट म्हणजे साधारण एक लिटर घाम, आणि तो भरून काढायला पुढच्या काही तासांत सव्वा ते दीड लिटर मीठ-साखरेचं पाणी. वजनगटात बसायला पाणी तोडणाऱ्या पोरांना सर रागावतात, पण रोजची नोंद असती तर ती वेळच आली नसती. मुलींना कपडे बदलायला खोली नाही, हे तर ताबडतोब सुधारायला हवं.

फी तालमीपेक्षा जास्त, एसी जिमपेक्षा कमी. पहिल्याच दिवशी ग्लोव्ह घेऊ नका, सहा आठवडे ते लागत नाहीत. हाताला बांधायच्या साडेचार मीटरच्या पट्ट्यांचे दोन जोड घ्या, म्हणजे एक धुवून वाळेपर्यंत दुसरा वापरता येतो. पट्टी बोटं फाकवून बांधायची: मनगटाला तीन वेढे, बोटांच्या सांध्यांवर तीन, मग बोटांच्या मधून, अंगठ्याभोवती आणि परत मनगटाला. मूठ वळल्यावर बोटं सुन्न पडली तर फार आवळली आहे, सोडून पुन्हा बांधा.