दारूही आहे आणि मनाचा आजारही: सोलापुरात कुठल्या गटात बसायचं?

माझा धाकटा भाऊ सोलापुरात, अशोक चौकाच्या बाजूला, एका कारखान्यात यंत्रमागावर जॉबर, म्हणजे माग जुळवणारा-दुरुस्त करणारा, होता. त्याला बायपोलर आहे, म्हणजे मन कधी भरधाव सुटतं तर कधी खोल उदासीत जातं असा आजार, आणि तो दारू प्यायचा. यातलं आधी काय आलं, यावर आमच्या घरात पाच वर्षं भांडणं झाली. आई म्हणायची, दारूनं डोकं फिरवलं. त्याची बायको म्हणायची, मी लग्नाच्या पहिल्याच वर्षी बघितलंय, रात्र रात्र झोपायचे नाहीत, तेव्हा कुठं दारू होती? या वादात उपचारांची पाच वर्षं गेली. दारूवाले म्हणाले आधी डोकं बरं करून आणा, डोक्याचे डॉक्टर म्हणाले आधी दारू सोडवून आणा, आणि आम्ही मध्ये हेलपाटे घालत राहिलो.

आता ओळखीतून, ओळखीच्या ओळखीतून फोन येतात. "ताई, आमच्यातपण दोन्ही हाय. एएला पाठवू का सिव्हिलला दाखवू? का सरळ पुण्याला ठेवू?" एए म्हणजे दारू सोडू पाहणाऱ्यांचा स्वमदत गट, सिव्हिल म्हणजे सरकारी रुग्णालय. फोनवर घाईत सांगते ते इथे सावकाश लिहिते. मी डॉक्टर नाही. प्राथमिक शाळेत शिकवते, आणि बहीण म्हणून या बहुतेक ठिकाणच्या सतरंजीवर बसून आले आहे.

गटाच्या आधी दवाखाना

रोज पिणाऱ्या माणसाची दारू एकदम तुटली तर पहिल्या दोन-चार दिवसांत फिट येऊ शकते, तो भ्रमात जाऊ शकतो, आणि त्यात जीवही जाऊ शकतो. "आजपासून बंद" असं म्हणून घरात कोंडून ठेवू नका. ते दिवस डॉक्टरांच्या देखरेखीखालीच जायला हवेत. कुठलाच गट ते काम करू शकत नाही.

दुसरं, त्या दिवसांत माणसाला कानात आवाज येतात, भिंतीवर काहीतरी दिसतं. ते दारू तुटल्यामुळे असेल, किंवा मुळात वेगळा आजार असेल. उदासीचंही तसंच. दारूनं आलेली उदासी बहुतेकदा दारू थांबल्यावर काही आठवड्यांत ओसरते, स्वतंत्र आजार असेल तर राहते. म्हणून चांगला मानसोपचारतज्ज्ञ निदानावर शिक्का मारायला साधारण महिनाभर थांबतो, धोका दिसला तर उपचार मात्र लगेच सुरू करतो. हा महिना जाऊ द्या. गट कुठला हे त्यानंतर नीट ठरवता येतं.

एए आणि दवाखान्यातला गट

बहुतेकांचा खरा पेच या दोहोंतला असतो, म्हणून यावर जास्त बोलते.

एए, म्हणजे अल्कोहोलिक्स अॅनॉनिमस, 1935 साली अमेरिकेतल्या अॅक्रन गावी दोन दारुड्यांच्या भेटीतून सुरू झालं. भारतात 1957 पासून आहे. फी नाही, नोंदवही नाही, आडनाव विचारत नाहीत. दारू सोडायची इच्छा एवढीच अट. शेवटी डबा फिरतो, ज्याला जमेल तो टाकतो, आणि बाहेरच्यांची देणगी ते घेत नाहीत. दारूऐवजी दुसरी नशा असेल तर एनए, म्हणजे नार्कोटिक्स अॅनॉनिमस, त्याचीही घडण अशीच.

हे निव्वळ भजन-कीर्तनासारखं आहे, मनाला बरं वाटतं एवढंच, असं मला सुरुवातीला वाटायचं. ते चूक होतं. 2020 साली कॉक्रेननं, म्हणजे वैद्यकीय संशोधन पडताळणाऱ्या संस्थेनं, 27 अभ्यास आणि साडेदहा हजारांवर माणसं एकत्र तपासली. अखंड दारूमुक्त राहण्याच्या बाबतीत एए आणि एएकडे नेणारे उपचार इतर मानसोपचारांपेक्षा सरस, निदान बरोबरीचे निघाले. पण हा हिशेब दारूचा आहे. बायपोलर किंवा स्किझोफ्रेनिया (आवाज येणं, संशय, भ्रम असा आजार) एएनं बरा होतो असं कोणी म्हणत नाही, एएवालेही म्हणत नाहीत.

दवाखान्यातला गट म्हणजे मानसोपचार विभागात किंवा व्यसनमुक्ती केंद्रात समुपदेशक वा समाजसेवक घेतात तो. आपल्याकडे सिव्हिलला, म्हणजे वैशंपायन मेडिकल कॉलेजच्या रुग्णालयात, मानसोपचार विभाग आहे. खासगी तज्ज्ञही काही रुग्णांना एकत्र बसवतात. गट चालतो का, कुठल्या वारी, हे जाऊनच विचारावं लागतं, कारण माणसं बदलली की वार बदलतो. इथे दोन्ही आजारांवर एकाच खोलीत बोलता येतं. गोळी चुकली तर विचारणारं कोणी असतं. झोप तीन रात्री उडाली, तर ते "टेन्शन" आहे की मॅनियाची, म्हणजे मन भरधाव सुटण्याच्या टप्प्याची, सुरुवात, हे ओळखणारा डोळा असतो.

मग हाच घ्यावा की, असं वाटेल. मलाही वाटलं होतं. अडचण अशी की हा गट सहसा सकाळी, कामाच्या वेळात भरतो. मागावरच्या माणसाची त्या दिवसाची मजुरी बुडते, दोन-तीनदा झालं की मालक दुसरा माणूस बघतो. आणि डॉक्टरांसमोर आपली माणसं शाळेतल्या मुलासारखी बसतात. माझा भाऊ दवाखान्यात दर वेळी "नाही साहेब, एक थेंब नाही" म्हणायचा. पगाराच्या दिवशी मित्रांबरोबर बसतो हे त्यानं पहिल्यांदा सांगितलं ते एएच्या मीटिंगमध्ये, कारण समोरचा प्रत्येक जण तेच करून आलेला होता.

एएमध्ये काय बिघडू शकतं तेही सांगते. एका संध्याकाळी एका गटातून तो घरी आला आणि म्हणाला, "अक्का, गोळ्यापण नशाच हाय म्हणलालेत तिथं." बोलणारा मनानं चांगला होता, स्वतः नऊ वर्षं कोरडा होता, त्याच्या अनुभवात झोपेच्या गोळ्यांची सवय लागलेली माणसं होती. पण भावानं लिथियम, म्हणजे त्याचं मूड स्थिर ठेवणारं औषध, बंद केलं. तीन आठवड्यांनी त्यानं उसनवारी करून दोन जुने माग विकत घ्यायचा सौदा केला आणि चार रात्री झोपला नाही. एएच्या स्वतःच्या छापील पुस्तिकेत स्पष्ट आहे की कोणाही सदस्यानं डॉक्टर बनू नये, आणि काही सदस्यांना औषधं घ्यावीच लागतात. मात्र मीटिंग सदस्यच चालवतात, वर साहेब नसतो. त्यामुळे एका गल्लीतला गट आणि दुसऱ्या गल्लीतला गट यांत जमीन-अस्मानाचा फरक पडू शकतो.

आणखी एक गोष्ट. एएच्या बारा पायऱ्यांतली चौथी पायरी आपल्या दोषांचा निर्भयपणे हिशेब मांडायला सांगते. अहंकारानं फुगलेल्या माणसाला ती जमिनीवर आणते. पण खोल उदासीत बुडालेला माणूस दिवसभर तोच हिशेब मांडत असतो. त्याला या पायरीची घाई करू देऊ नये, हे माझं ठाम मत. उदासी औषधानं जरा वर आली की मग.

दोन्ही का लागतात ते मला एका मे महिन्यात कळलं. पारा 43 वर होता, कारखान्यात पत्र्याखाली त्याहून जास्त. लिथियम घेणाऱ्याला घाम फार गेला, पाणी-मीठ कमी पडलं, तर औषध रक्तात साठतं. हात जोरात थरथरतात, पाय लटपटतात, जीभ जड होते, उलटी-जुलाब होतात. बघणाऱ्याला वाटतं, प्यालाय. भाऊ त्या अवस्थेत मीटिंगला पोचला. तिथल्या एका वयस्कर काकांनी मला फोन केला, "ताई, चाल पिल्यासारखी आहे, पण तोंडाला वास नाही. दारू मला कळते. ही दारू नाही." रात्रीच कॅज्युअल्टीत नेलं, रक्तातलं लिथियम तपासलं, ते वाढलेलं होतं. तपासणी दवाखान्याकडेच होऊ शकते. पण रात्री आठ वाजता त्याला बघणारे डोळे एएचे होते. आम्ही घरच्यांनी बघितलं असतं तर आधी शिव्याच दिल्या असत्या.

मनाच्या आजाराचे स्वमदत गट

पुण्यात डॉ. जगन्नाथ वाणी यांनी 1997 साली सुरू केलेली स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन आहे. रुग्ण आणि कुटुंबीय तिथे एकत्र बसतात. हुतात्मा एक्स्प्रेसनं सकाळी निघालं तर जाऊन येता येतं, पण दर आठवड्याला ते झेपत नाही. मी दोनदा अशा गटात बसले. आजार समजून घ्यायला, "आपण एकटे नाही" हे अंगात मुरायला उत्तम. दारूचा विषय मात्र तिथे चाचरत निघतो. ज्याचा मुख्य त्रास आवाज आणि संशय, आणि दारू अधूनमधून, त्याच्या घरच्यांनी इथून सुरुवात करावी. रोज पिणाऱ्यासाठी हे पुरत नाही.

दोन्ही आजारांसाठीच वेगळे गट न्यूयॉर्कमध्ये 1989 पासून आहेत. तिथल्या पाहणीत असं दिसलं की नियमित येणारी माणसं मानसिक आजाराची औषधंही जास्त नेमानं घेत होती. जिथे गोळीची लाज वाटत नाही, तिथे गोळी चुकत नाही, इतकं ते सरळ आहे. तसा गट हाताशी नसेल तर आपल्याला दोन गटांची बेरीज करून चालवावं लागतं.

पुण्याला ठेवू का?

मुक्तांगण 1986 मध्ये डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी सुरू केलं, आणि आपल्याकडच्या घराघरात "पुण्याला ठेवणं" म्हणजे तेच. घरात राहून दारू थांबतच नसेल तर राहून उपचार हवेतच. पण ते गटाला पर्याय नाहीत. माणूस परत सोलापूरच्या स्टँडवर उतरतो, तेव्हा तोच चौक, तेच मित्र असतात. परतल्यावर पहिल्या आठवड्यात कुठल्या मीटिंगला जायचं हे तो तिथे असतानाच ठरवून ठेवा.

कुठलंही केंद्र निवडताना दोन गोष्टी बघा: मानसोपचारतज्ज्ञ स्वतः तपासतात का, आणि कोंडणं, बांधणं, मारणं असलं काही चालतं का. 2017 च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यानं साखळदंड पूर्ण बंद केले आहेत, आणि दारू-नशेशी जोडलेल्या मानसिक अवस्थाही त्याच कायद्यात मानसिक आजारांत धरल्या आहेत.

माळ

पंढरपूर आपल्या जिल्ह्यात. माळ घातली आणि दारू सुटली, अशी माणसं प्रत्येक गावात दाखवता येतात, आणि ती खरी आहेत. वारी, हरिपाठ, रोज भेटणारी माणसं, एकमेकांची चौकशी, हाही एक गटच आहे, एएपेक्षा खूप जुना. मी कोणालाही माळ काढ म्हणणार नाही. फक्त माळेसोबत गोळी चालू ठेवा, आणि माळ घालूनही घसरला तर "पापी" म्हणून तोडू नका. मनाचा आजार असलेल्याला ती लाज फार खोल नेते.

घरच्यांचं काय

इथे माझा सल्ला सगळ्यांत पक्का आहे. तो जायला तयार नसला तरी तुम्ही जा. अल-अनॉन ही दारुड्यांच्या कुटुंबीयांची संघटना 1951 पासून आहे. एएच्या मीटिंगमध्ये विचारलं की जवळची बैठक कुठे ते कळतं.

तिथे जायच्या आधी आम्ही एक भयंकर चूक केली होती. कोणीतरी दिलेली "दारू सोडवायची गोळी" त्याच्या चहात न सांगता घालायचो. ती डायसल्फिरम होती. ती घेऊन दारू प्यायली तर चेहरा लाल होतो, उलट्या होतात, रक्तदाब कोसळतो, माणूस दगावूही शकतो. शिवाय भ्रमाचा आजार ती बिघडवू शकते. डॉक्टरांनी, रुग्णाला सांगून, त्याच्या संमतीनं दिली तर ते औषध आहे. चोरून दिली तर विष आहे. बैठकीत मी हे रडत रडत सांगितलं, तेव्हा समोरच्या सहापैकी तिघींनी माना खाली घातल्या. त्यांनीही तेच केलं होतं.

मग कोणी कुठे जावं

मूड औषधांवर स्थिर आहे आणि त्रास मुख्यतः दारूचा: एए, आठवड्यातून निदान तीनदा, आणि डॉक्टरांची तारीख चुकवायची नाही. आवाज, संशय चालू आहेत: आधी दवाखान्यातला गट. गर्दीत, प्रार्थनेत, अनोळखी चेहऱ्यांत त्याचा संशय वाढू शकतो, एए नंतर, आणि पहिल्यांदा सोबत कोणी घेऊन. मरणाची भाषा करत असेल तर गटाची वाट बघू नका, कॅज्युअल्टीला न्या. रात्री कोणाशी बोलावं सुचत नसेल तर टेली मानस या सरकारी हेल्पलाइनचा 14416 मोफत आहे, चोवीस तास. व्यसनासाठी 14446.

बाई पीत असेल तर अडचण मोठी. शिंदी पिणाऱ्या, मिश्रीशिवाय हात न चालणाऱ्या विडी कामगार बायका इथे आहेत, आणि मीटिंगमध्ये बहुतेक पुरुष. तिला एकटीला पाठवू नका, बायकांची वेगळी बैठक आहे का ते विचारा, नाहीतर दवाखान्यातल्या समुपदेशक बाईंपासून सुरुवात करा. विडी-सिगारेट ओढणाऱ्यांसाठी एक सूचना: ओलान्झापिन किंवा क्लोझापिन ही मानसिक आजाराची औषधं चालू असताना धूम्रपान एकदम सोडलं तर त्या औषधांचं रक्तातलं प्रमाण वाढतं. सोडाच, पण डॉक्टरांना सांगून.

भाषाही बघा. शहराच्या पूर्वभागातला तेलुगू माणूस मराठीत सगळे व्यवहार करतो, पण रडतो तेलुगूत. गटात तेलुगू किंवा कन्नड समजणारे दोघं-तिघं असले तरी पुष्कळ. आणि पहिल्या दिवशी गटाच्या जुन्या माणसाला सरळ विचारा, "याच्या मानसिक आजाराच्या गोळ्या चालू आहेत, तुमच्याकडे चालेल ना?" "त्या डॉक्टरांच्या, आम्ही त्यात पडत नाही," असं उत्तर आलं तर बसा. "हळूहळू बंद करू," असं आलं तर दुसरी मीटिंग शोधा.

भाऊ आता जॉबरकी करत नाही, मेहुण्याच्या चादरीच्या दुकानात बसतो, तिथे पंखा आहे. सोमवार, गुरुवार आणि पगाराच्या दिवशी मीटिंग. महिन्यातून एकदा डॉक्टर, लिथियमची तपासणी मार्चअखेरीस, उन्हाळा तापायच्या आत. ते काका त्याचे स्पॉन्सर, म्हणजे एएमध्ये त्याला सांभाळून नेणारे जुने सदस्य, आहेत, त्याच्या डॉक्टरांचा नंबर त्यांच्याकडे आहे आणि त्यांचा नंबर डॉक्टरांच्या फाइलवर लिहिलेला आहे. गड्ड्याच्या यात्रेत तो मागच्या वर्षी एकदा घसरला, दुसऱ्या दिवशी स्वतः मीटिंगला गेला. मी माझ्या बैठकीला शनिवारी जाते. त्याची बायको अजून येत नाही, तिला मी विचारत असते.