तेआत्र पोलोन्या, वॉर्सा: यान्दाबाईंचं थिएटर

आई सांगलीची, म्हणजे थेट नाट्यपंढरीतली. वॉर्साला माझ्याकडे आल्यावर दुसऱ्याच आठवड्यात तिनं विचारलं, "इथं नाटकं होतात का गं?" पोलिशचा एक शब्द तिला येत नाही. तरी मी 'शर्ली व्हॅलेंटाइन'ची दोन तिकिटं काढली, कारण त्यात पोलिश अभिनेत्री क्रिस्तिना यान्दा एकटी रंगमंच सांभाळते.

मार्शाऊकोव्स्का रस्त्यावरचं हे थिएटर पूर्वी सिनेमागृह होतं. २००५ साली यान्दाबाईंनी घरचे पैसे घालून तिथं नाटक सुरू केलं. आपल्याकडे निर्माता खाजगी आणि नाट्यगृह पालिकेचं. पोलंडमध्ये बहुतेक ठिकाणी इमारतच काय, नटांचा पगारसुद्धा शहर किंवा सरकार देतं. अशा देशात छपरापासून वीजबिलापर्यंत सगळं एका नटीनं अंगावर घेणं म्हणजे काय, हे आईला समजावून सांगावं लागलं नाही. नाटकापायी घरं विकलेल्या माणसांच्या गोष्टी ऐकतच ती मोठी झाली आहे.

आणि बाईंना याची गरज नव्हती. १९७७च्या 'मॅन ऑफ मार्बल' या सिनेमात दिग्दर्शक आंद्रे वायदांनी त्यांना आणलं. सिगारेट ओढत, लांब ढांगा टाकत एका विसरलेल्या गवंड्याचा माग काढणारी ती पोरगी एकदा पाहिली की विसरत नाही. नंतरचा 'इंटरॉगेशन' तर १९८२ साली तयार होऊन सात वर्षं डब्यात पडून राहिला. स्टालिनच्या काळात तुरुंगात डांबलेल्या गायिकेची ती भूमिका. सिनेमावरची बंदी उठली आणि १९९० साली कान चित्रपट महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. टीव्हीवर त्यांनी हेलेना मोजेयेव्स्का ही एकोणिसाव्या शतकातली थोर नटी मालिकाभर रंगवली. एवढ्या पुण्याईवर माणूस आरामात बसून खाईल.

आम्ही कोट शात्न्यात, म्हणजे कोट ठेवायच्या खोलीत दिले. पोलंडमध्ये कोट घेऊन आत जाणं बरं दिसत नाही, तेव्हा पाच मिनिटं हाताशी ठेवूनच या. मग घंटा झाली. इथंही तिसऱ्या घंटेचंच महत्त्व, हे कळल्यावर आई खूश.

शर्ली ही लिव्हरपूलची गृहिणी स्वयंपाकघरातल्या भिंतीशी बोलते. यान्दाबाई बोलता बोलता खरे बटाटे सोलतात, चिरतात, तेलात सोडतात. तेलाचा चर्र आवाज आला, पाठोपाठ वास आला आणि आई माझा हात धरून कुजबुजली, "अगं, खरंच तळतेय की ती!" रिकाम्या कपातून चहा पिणारी पात्रं बघत आयुष्य गेलेलं. त्यानंतर तिनं मला एकदाही अर्थ विचारला नाही. बाईंचा हात सुरीवर, डोळे भिंतीकडे, आणि शर्लीच्या नवऱ्याचा विषय निघाला की सुरीचा वेग बदलायचा. आईला तेवढं पुरत होतं. ही भूमिका त्या १९९० पासून करत आल्यात, पण हात कुठंही सरावानं चालल्यासारखा वाटत नाही. शेवटी सगळं प्रेक्षागृह उभं राहिलं. आई सगळ्यांच्या आधी.

माझ्यापुरतं सांगते: या थिएटरचं तिकीट मी नाटकाचं नाव न बघताही काढीन, कारण मालकीण स्वतः प्रेक्षकांसमोर उभी राहते. मात्र संहिता आधी वाचून जा. पोलिश कच्चं असेल तर विनोद निसटतात, माझेही तीन-चार निसटले. बाईंच्या प्रयोगाची तिकिटं लवकर संपतात, तारीख दिसली की लगेच काढा. खिशाला जमत नसेल तर उन्हाळ्यात या. जवळच्या कॉन्स्टिट्यूशन चौकात हेच थिएटर उघड्यावर फुकट प्रयोग करतं.

आईनं दोन्ही तिकिटं पर्समध्ये ठेवलीत. सांगलीला फोनवर मावशीला सांगत होती, "बटाटे अगदी पातळ चिरले गं तिनं."