आरक्लोन: दोन नवरात्रं वापरल्यानंतरचा रिव्ह्यू

बडोद्यात दांडिया बाजारात आमचा छोटा फोटो-व्हिडिओ स्टुडिओ आहे, लग्नं, मुंजी असतातच पण वर्षाचं खरं काम नवरात्रात, गरब्याचं. नऊ रात्री, तीन कॅमेरे, रोजचं साधारण १८० जीबी फुटेज आणि एडिटर बसतो पुण्यात, त्याला सकाळी चहा घेऊन बसला की फाइली समोर पाहिजेत कारण रील संध्याकाळचा गरबा सुरू व्हायच्या आत जायला लागतं. तर हे सगळं क्लाउडवरून पुण्याला पोचवायला मी दोन वर्षं आरक्लोन हे फाइली पाठवायचं टूल वापरतोय आणि आता बऱ्याच जणांनी विचारलं म्हणून लिहितोय.

आधी मीसुद्धा ब्राउझर उघडून फोल्डर ओढून टाकायचो. एका लग्नाचं फुटेज असंच एका क्लाउडच्या साइटवर चढवलं, खाली अपलोड पूर्ण असं आलं, मी कार्डं फॉरमॅट केली आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या कामाला लावली. चार दिवसांनी एडिटरचा फोन, दादा ग्रहमखाच्या २१४ क्लिप म्हणालात, माझ्याकडे २०३ आहेत. अकरा क्लिप गेल्याच नव्हत्या, आणि नवरीच्या आजी हळद लावतात ती क्लिप त्या अकरांत होती. त्यांच्या घरी जाऊन ते सांगावं लागलं, मी अजून विसरलेलो नाही.

आरक्लोन म्हणजे कमांड लाइनचं टूल, बटणं नाहीत, काळ्या खिडकीत कमांड टाइप करायची, फुकट आणि ओपन सोर्स, निक क्रेग-वुड यांनी सुरू केलेलं, गो भाषेत लिहिलंय, सत्तरच्या वर स्टोरेज सर्व्हिसेसशी बोलतं म्हणजे गूगल ड्राइव्ह, ड्रॉपबॉक्स, वनड्राइव्ह, ॲमेझॉन एस-थ्री वगैरे सगळं एकाच पद्धतीने. विंडोजवर इन्स्टॉलसुद्धा नाही, झिप उघडायची आणि चालवायचं. काळी खिडकी बघून घाबरू नका, आमचा असिस्टंट बारावी कॉमर्सचा पोरगा आहे, त्याला दोन दिवसांत जमलं. एकदा आरक्लोन कॉन्फिग चालवून खातं जोडायचं, त्याला एक नाव द्यायचं, मग रोजचं काम एक ओळ: आरक्लोन कॉपी, कुठून, कुठे, आणि शेवटी हायफन कॅपिटल पी, म्हणजे किती गेलं, काय स्पीड, किती वेळ राहिला ते समोर हलत राहतं.

आमची लाइन १०० एमबीपीएसची, म्हणजे सेकंदाला बारा एमबीच्या आसपास, १८० जीबीला चार-सव्वाचार तास लागतात. रात्री पावणेदोनला लावलं की सहाच्या सुमारास संपतं. एका वेळी चार फाइली पाठवतं, मी ते वाढवलं नाही कारण आमच्या मोठ्या क्लिपना त्याने काही फरक पडत नाही, फरक पडला तो गूगल ड्राइव्हचा (आम्ही तेच वापरतो) चंक साइज, म्हणजे फाइल जेवढ्या तुकड्यांत जाते तो आकार, ८ एमबीवरून ६४ केल्यावर, फक्त तेवढी रॅम जास्त खातं, चार फाइली म्हणजे अडीचशे एमबी धरून चाला. दिवसा बँडविड्थ लिमिट, म्हणजे स्पीडची मर्यादा, लावतो म्हणजे दुकानातलं बाकीचं नेट अडकत नाही, आणि लक्षात ठेवा तिथे 'एम' म्हणजे मेगाबाइट आहे, मेगाबिट नाही (एक बाइट म्हणजे आठ बिट), मी आधी १० लिहून बसलो आणि नेट तसंच अडकलेलं. त्यात वेळापत्रकही देता येतं, सकाळी आठपासून कमी आणि रात्री अकरानंतर मोकळं, ते फार कामाचं आहे.

पण मी पैसे देऊनही घेतलं असतं ते चेक या कमांडसाठी. कॉपी झाली की आरक्लोन चेक चालवायचं, ते कार्डावरच्या आणि ड्राइव्हवरच्या प्रत्येक फाइलचा साइज आणि हॅश (फाइलच्या मजकुरावरून काढलेला ठसा) जुळवून बघतं, एकही बाइट इकडे तिकडे असेल तर फाइलचं नाव काढून दाखवतं. ड्राइव्हकडे एमडी-फाइव्ह नावाचा हा हॅश आधीच साठवलेला असतो त्यामुळे परत डाउनलोड करावं लागत नाही, फक्त आपली डिस्क वाचली जाते. शेवटी झिरो डिफरन्सेस असं आलं की मी स्वतः बघतो, मग कार्ड फॉरमॅट. तोपर्यंत पोरगा कोपऱ्यावरून सेव-उसळ घेऊन आलेला असतो, पण कार्डाला हात लावत नाही, हा आमच्याकडे नियमच आहे.

आता सिंक. कॉपी आणि सिंक एकच वाटतात आणि तिथेच माणूस फसतो. कॉपी फक्त भर घालते. सिंक समोरची बाजू हुबेहूब आपल्यासारखी करते, म्हणजे आपल्याकडे जे नाही ते तिकडून उडवते. पोरग्याने एकदा रिकाम्या झालेल्या फोल्डरवरून सिंक लावायला घेतलं, मी म्हटलं आधी ड्राय-रन लाव, लावलं आणि स्क्रीनभर ओळी धावल्या. "दादा, हे तर सगळं डिलीट लिहितंय!" ड्राय-रनमध्ये खरं काहीच होत नाही, नुसतं काय होणार ते सांगतं, म्हणून वाचलो. ड्राइव्हवर उडालेलं आधी ट्रॅशमध्ये जातं हे खरं, तीस दिवस राहतं, पण सगळ्या सर्व्हिसेसमध्ये तसं नसतं. सिंक करायचंच असेल तर बॅकअप-डिर हा पर्याय लावून एक वेगळं फोल्डर द्या, उडणाऱ्या किंवा बदलणाऱ्या फाइली आधी तिकडे सरकतात.

न आवडलेलं पण सांगतो. मोठी फाइल अर्धी गेली आणि लाइट गेली तर परत चालवल्यावर झालेल्या फाइली सोडून देतं ते ठीक, पण ती अर्धवट फाइल पहिल्यापासून पाठवतं, ३० जीबीची क्लिप असेल तर जीवावर येतं. म्हणून आम्ही कॅमेऱ्यातच क्लिप छोट्या पाडतो आणि लॅपटॉप यूपीएसवर ठेवतो. ड्राइव्हची स्वतःची दिवसाला ७५० जीबी अपलोडची मर्यादा आहे, आमच्या लाइनवर ती लागत नाही पण मोठ्या लाइनवाल्यांनी ध्यानात ठेवावं. आणि कॉन्फिग फाइलमध्ये तुमच्या खात्याची चावीच असते, ती कुणाला व्हॉट्सॲपवर पाठवू नका, पासवर्ड लावा.

शेवटचं, ड्राइव्हवाल्यांसाठी. आरक्लोनसोबत येणारा क्लायंट आयडी, म्हणजे गूगलकडे ॲपची ओळख, जगभरचे लोक वापरतात त्यामुळे स्पीड अडतो, गूगल क्लाउड कन्सोलमध्ये जाऊन स्वतःचा बनवा, अर्ध्या तासाचं काम आहे, फुकट आहे. पण बनवल्यावर ते ॲप टेस्टिंगमध्ये सोडू नका, पब्लिश करा, कारण टेस्टिंगमध्ये परवानगी सात दिवसांनी संपते. पहिल्या माळेला जोडलंत तर आठव्या माळेला मध्यरात्री, तिन्ही कार्डं भरलेली असताना, ते लॉगिन मागत बसेल. घटस्थापनेच्या आधीच्या रविवारी बसून हे उरकून टाका.